मेणाची किमया

मुलांनो, जादूचे आरसे घडविणाऱ्या कारागिरांच्या गोष्टी तुम्ही ऐकल्या असतील. चंद्रपूर-गडचिरोलीच्या वनप्रदेशातील ढोकरा कारागिराची विद्याही तशीच अद्भुत आहे. मातीच्या गाभ्यावर तो मेणाच्या बारीक दोऱ्यांनी मूर्ती घडवितो व तिच्यावर मातीचा लेप देतो. भट्टीच्या आचेने मेण वितळून जाते. त्या पोकळीत तो पितळेचा रस ओततो. मोहेंजोदडोची नर्तिका सुमारे ४५०० वर्षांपूर्वी याच रीतीने घडली. साच्याला तडा गेला, तर अनेक दिवसांचे श्रम वाया जातात. साचा फोडूनच मूर्ती बाहेर काढावी लागते. म्हणून प्रत्येक मूर्ती एकमेव असते. मेणावर राहिलेली लहानशी चूकही पितळेत कायम राहते. अशी मूर्ती हाच कारागिराच्या हाताचा खरा आरसा होय.