जुन्या घराची मजबुती : खर्चाचा अंदाज कसा काढायचा?

तायांनो, घरदुरुस्तीच्या कर्जाचे अर्ज हल्ली वाढलेत. बहुतेक अर्जांत एकच गोल आकडा असतो, गवंड्याने तोंडी सांगितलेला. पैसे निम्म्यात संपतात आणि भिंतीला पाडलेली भोकं तशीच राहतात. असं अर्धवट उघडलेलं घर आधीपेक्षा जास्त धोक्याचं.

30 सप्टेंबर 1993 ला पहाटे किल्लारी भागात हजारो माणसं गेली ती मुख्यतः दगड-मातीच्या घरांखाली. भिंतीचे आतला-बाहेरचा असे दोन पदर सुटले आणि वरचं जड माळवद अंगावर आलं. 2024 मध्ये हिंगोलीकडे धक्के बसले तेव्हा आपल्यातल्या कितीजणी रात्री अंगणात झोपल्या होत्या, आठवतंय ना?

म्हणून हिशेब माळवदापासून सुरू करायचा. समजा खोली आतून 15 फूट बाय 10 फूट आहे, म्हणजे 150 चौरस फूट. वर मातीचा थर दीड फूट. 150 गुणिले दीड, 225 घनफूट माती. एक घनफूट कोरडी माती साधारण 45 किलो भरते. म्हणजे डोक्यावर दहा टन! दर पावसाळ्याआधी थोडी-थोडी पांढरी माती टाकत आपणच ते वजन वाढवलेलं असतं. थर अर्धा फूट ठेवला तर 150 घनफूट, म्हणजे दीड ब्रास माती उतरवायची. यात सामान काहीच लागत नाही, फक्त मजुरी. शिवाय वर गळती रोखणारा थर करावा लागेल, तो विसरू नका. माती काढल्यावर लाकूड दिसतं. तुळई किडलेली निघाली तर खर्च बदलतो, म्हणून आधी एका कोपऱ्यात उकरून बघा.

आता भिंत. दोन पदर बांधून ठेवायला आरपार भोक पाडून त्यात सळई घालून काँक्रीट भरतात. अशी जोडणी साधारण तीन-तीन फुटांवर धरायची. आपल्या खोलीची भिंत चारी बाजूंनी 50 फूट, उंची 9 फूट. एका ओळीत 17, दोन ओळींत 34, दार-खिडकीचे वजा करून 30 धरू. भिंत दोन फूट जाड असेल तर प्रत्येक भोकाला आकड्यांसकट तीन फूट सळई. 90 फूट झाली. आठ मिलिमीटरची सळई तेवढी सुमारे 11 किलो भरते. सिमेंट दोन पोती पुरेल. बघा, सामान किती थोडं आहे! खरा पैसा मजुरीत जातो. एका दिवसात गवंडी किती भोकं पाडून भरतो ते विचारा आणि 30 ला त्याने भागा. सगळी भोकं एकदम पाडू देऊ नका. एक भरल्यावरच शेजारचं.

छताखाली भिंतीला चारी बाजूंनी जाळी आणि सिमेंटचा पट्टा देतात. त्याचं माप आतून वेगळं आणि बाहेरून वेगळं घ्या. दोन फूट जाड भिंतीला आतून 50 फूट असेल तर बाहेरून 66 भरतं. इथे बऱ्याचदा फसगत होते.

दर मी मुद्दाम लिहिले नाहीत. तालुक्याच्या दुकानातला भाव आणि गावातली मजुरी त्याच आठवड्यात विचारून लिहा. टेकू, सामानाची वाहतूक आणि धान्य हलवणं धरा. घरच्या माणसांची मजुरीसुद्धा लिहा, कारण त्या दिवसांचा रोज बुडतोच. एकूण बेरजेवर दहा-पंधरा टक्के वर ठेवा.

रक्कम हाताबाहेर गेली तर काय सोडायचं? माझं मत स्पष्ट आहे. रंग, फरशी, गिलावा सोडा. माती उतरवणं आणि भिंतीची जोडणी सोडू नका. पट्टा पुढच्या वर्षी झाला तरी चालेल. मात्र भिंत पोट काढून उभी असेल किंवा कोपरा फाटला असेल, तर काम सुरू करण्याआधी अभियंत्याला दाखवा. त्याची फी अंदाजात पहिल्या ओळीत लिहा.

पुढच्या बैठकीला टेप आणि वही घेऊन या. एका सदस्याच्या घराचं माप सगळ्या मिळून घेऊ.