आपत्तीची श्राव्य नोंद : कतरिना ते चंदीगड

८ जुलै २०२३ च्या सकाळपासून ९ जुलैच्या सकाळपर्यंतच्या २४ तासांत चंदीगड शहरात ३०० मिलिमीटरहून अधिक पाऊस झाला. त्या शहराच्या नोंदींतील एका दिवसाचा हा उच्चांक होता. सुखना तलावाचे दरवाजे उघडावे लागले आणि प्रवाहाच्या खालच्या अंगाला असलेल्या सखल भागांत पाणी शिरले. पाऊस किती पडला, हे पर्जन्यमापकाने अचूक सांगितले. परंतु दरवाजे उघडणार असल्याची सूचना कोणाला, केव्हा आणि कोणत्या भाषेत मिळाली, ती मिळाल्यावर लोकांनी काय केले, या प्रश्नांची उत्तरे पर्जन्यमापकाकडे नसतात. ती लोकांच्या स्मरणात असतात आणि वेळीच नोंदवून घेतली नाहीत, तर काही वर्षांत पुसट होतात.

आपत्ती व्यवस्थापनाच्या दृष्टीने अशा आठवणींचे मोल काय आणि त्या कशा नोंदवाव्यात, याचा एक अभ्यसनीय नमुना म्हणजे ‘फ्लडलाइन्स’ ही पॉडकास्ट मालिका. इंटरनेटवरून केव्हाही ऐकता येणाऱ्या ध्वनिकार्यक्रमास पॉडकास्ट म्हणतात. प्रस्तुत लेखात या मालिकेचा परिचय करून देऊन आपल्याकडील नियोजनासाठी तिच्यापासून काय घेता येईल, याचा विचार केला आहे.

कतरिना : वाऱ्यापेक्षा बांधांची आपत्ती

२९ ऑगस्ट २००५ रोजी कतरिना हे चक्रीवादळ अमेरिकेच्या लुइझियाना राज्याच्या किनाऱ्यावर धडकले. वादळाचा अंदाज आधीच वर्तविण्यात आला होता. आदल्या दिवशी न्यू ऑर्लिन्स शहर सक्तीने रिकामे करण्याचा आदेशही निघाला होता. तरीही हजारो लोक शहरातच राहिले. अनेकांकडे वाहन नव्हते, बाहेरगावी राहण्याची सोय नव्हती, हातात पैसे नव्हते. नंतर शहराचे रक्षण करण्यासाठी बांधलेले बांध व पूरभिंती ठिकठिकाणी फुटल्या आणि सुमारे ८० टक्के शहर पाण्याखाली गेले. पुढील तांत्रिक चौकशीत या बांधकामांच्या आराखड्यातील दोष स्पष्ट झाले. म्हणजेच जी हानी निसर्गाच्या नावावर जमा झाली, तिचा मोठा भाग नियोजनातील उणिवांचा होता.

‘द अटलांटिक’ या नियतकालिकाने मार्च २०२० मध्ये, घटनेला जवळजवळ १५ वर्षे झाल्यावर, ‘फ्लडलाइन्स’ ही आठ भागांची मालिका प्रसारित केली. पत्रकार व्हॅन न्यूकर्क हे तिचे निवेदक आहेत. पीबॉडी पुरस्कारही तिला मिळाला. मालिकेचा भर पुरात अडकलेल्या सामान्य नागरिकांच्या कथनावर आहे. मात्र ती तेवढ्यावर थांबत नाही. केंद्रीय आपत्ती निवारण यंत्रणेचे तत्कालीन प्रमुख मायकल ब्राउन यांनाही ती प्रश्न विचारते. पीडिताचे कथन आणि जबाबदार अधिकाऱ्याचे उत्तर एकाच मालिकेत ऐकावयास मिळते, हे तिचे वैशिष्ट्य होय.

अफवांचे प्रकरण विशेष बोधप्रद आहे. सुपरडोम या क्रीडागारात हजारो लोकांनी आश्रय घेतला होता. तेथे अमानुष हिंसाचार चालू असल्याच्या वार्ता तेव्हा पसरल्या. जबाबदार पदांवरील व्यक्तींनीही त्यांचा पुनरुच्चार केला. त्यांतील बहुतेक वार्ता पुढे निराधार ठरल्या, परंतु तोवर पूरग्रस्तांकडे संशयाने पाहिले जाऊ लागले होते.

नोंदीचे महत्त्व

आकडे स्थिर असतात आणि आठवणी बदलतात, असा आपला समज असतो. प्रत्यक्षात आकडेही बदलतात. कतरिनातील मृतांची संख्या दीर्घकाळ १,८३३ अशी दिली जात असे. अमेरिकेच्या राष्ट्रीय चक्रीवादळ केंद्राने २०२३ मध्ये ती सुधारून १,३९२ केली.

मुंबईचे उदाहरण याहून बोलके आहे. जून १८८२ मध्ये मुंबईत चक्रीवादळ येऊन एक लाख लोक मृत्युमुखी पडले, ही माहिती अनेक याद्यांत वर्षानुवर्षे छापली गेली. संशोधकांनी शोध घेतला असता अशा वादळाचा समकालीन पुरावाच मिळाला नाही. न घडलेली आपत्ती इतिहासात शिरली, तर नोव्हेंबर १९४८ मध्ये मुंबईला खरोखरच तडाखा देणाऱ्या वादळाची आठवण मात्र फारच थोड्यांना आहे. विश्वसनीय नोंद नसेल, तर तिची जागा ऐकीव गोष्टी घेतात.

सूचना आणि कृती यांतील अंतर

२९ ऑक्टोबर १९९९ च्या महाचक्रीवादळात ओडिशात सुमारे दहा हजार लोकांचा बळी गेला. त्यानंतर राज्याने स्वतंत्र आपत्ती व्यवस्थापन प्राधिकरण स्थापन केले, निवारे बांधले, गावपातळीवर स्वयंसेवक तयार केले. मे २०१९ मध्ये ‘फणी’ वादळाच्या वेळी दहा लाखांहून अधिक लोकांना आधीच सुरक्षित स्थळी हलविण्यात आले आणि मृतांची संख्या शंभराच्या आत राहिली. सूचना कृतीत उतरली की काय घडते, हे यावरून दिसून येते.

जीवितहानी टळली, तरी प्रश्न संपत नाहीत. ३ जून २०२० रोजी ‘निसर्ग’ चक्रीवादळ रायगडच्या किनाऱ्यावर धडकले. श्रीवर्धन, मुरुड, दापोली या भागांतील नारळ-सुपारीच्या बागा आडव्या झाल्या. प्रारंभी मदतीचे निकष हेक्टरी होते. कोकणातील बागा मात्र गुंठ्यांत मोजल्या जातात आणि थोड्या जागेत नारळ, सुपारी, मसाल्याची झाडे दाटीने असतात. म्हणून झाडामागे मदत द्यावी, अशी मागणी बागायतदारांनी केली. आज लावलेल्या सुपारीला फळ धरण्यास कित्येक वर्षे लागतात; या काळात घर कसे चालवावयाचे, हा प्रश्न पंचनाम्याच्या तक्त्यात कोठेही बसत नाही. बागायतदाराचे म्हणणे पुरतेपणी ऐकून घेतले, तर मात्र तो पहिल्या पाच मिनिटांतच पुढे येतो. श्राव्य नोंदीचा नियोजनाशी असलेला संबंध नेमका हा आहे.

चंदीगडसाठी एक रूपरेषा

समुद्रापासून दूर असलेल्या चंदीगडला वादळावरील मालिकेचा काय उपयोग, अशी शंका येणे स्वाभाविक आहे. परंतु न्यू ऑर्लिन्सची खरी कथा पाणी अडविणाऱ्या बांधकामांची आणि त्यांवर विसंबलेल्या शहराची आहे. चंदीगड हे स्वतंत्र भारतातील नियोजनबद्ध शहर. शिवालिकातून येणारा सुखना चो हा ओढा अडवून १९५८ मध्ये तेथे तलाव करण्यात आला. दरवाजे उघडल्यावर पाणी याच ओढ्याने पुढे घग्गर नदीकडे जाते. वाटेत केंद्रशासित प्रदेशाची हद्द संपून पंजाबमधील बलटाणासारख्या वस्त्या लागतात. पाणी प्रशासकीय सीमा मानत नाही. सूचनेला मात्र एका यंत्रणेकडून दुसरीकडे जावे लागते. त्यात किती वेळ गेला, हे दोन्ही बाजूंच्या लोकांकडून ऐकल्यावाचून समजणार नाही.

या विषयावर चार भागांची मालिका सहज होऊ शकेल : पावसाची रात्र, सूचनेचा प्रवास, घरात शिरलेले पाणी आणि त्यानंतरचे वर्ष. पंजाब विद्यापीठात पत्रकारितेचे शिक्षण दिले जाते आणि तेथे सामुदायिक रेडिओ केंद्रही आहे. शैक्षणिक संस्थांना अशी केंद्रे चालविण्याची मुभा २००२ च्या धोरणाने दिली. २००६ मध्ये ती स्वयंसेवी संस्थांनाही मिळाली. आज साध्या मोबाइल फोनवरही पुरेसे स्वच्छ ध्वनिमुद्रण होते. अशा कामात पुढील पथ्ये पाळणे आवश्यक आहे :

१. बोलणाऱ्याची संमती आधी घ्यावी. नको असल्यास नाव गुप्त ठेवावे व मुद्रण थांबविण्याचा अधिकार त्यास द्यावा.

२. ज्याच्या घरी मृत्यू झाला, त्याच्याकडून तोच प्रसंग पुनःपुन्हा वदवून घेऊ नये.

३. प्रत्येक कथनातील वेळ व स्थळ पावसाच्या आणि तलावाच्या पातळीच्या नोंदींशी ताडून पाहावे. स्मरण प्रामाणिक असूनही चुकीचे असू शकते.

४. अधिकारी, अभियंते व बचाव पथके यांचेही म्हणणे नोंदवावे. त्यांच्या अडचणी कळल्याशिवाय चित्र एकांगी राहते.

५. संपादित मालिकेबरोबरच मूळ मुद्रण आणि त्याची लिखित प्रत ग्रंथालयात जतन करावी, म्हणजे श्रवणदोष असलेल्यांना व पुढील अभ्यासकांनाही तिचा लाभ होईल.

समारोप

आपत्ती व्यवस्थापन अधिनियम, २००५ नुसार जिल्हा आपत्ती व्यवस्थापन योजनेचा दरवर्षी आढावा घेऊन ती अद्ययावत करावयाची असते. या आढाव्याच्या बैठकीत पर्जन्यमानाच्या तक्त्यांबरोबर मागील आपत्तीतील चार-पाच कथने ऐकविली जावीत, ही सूचना खर्चाची नाही आणि अवघडही नाही. सूचना ऐकू न आलेली मजूर वस्ती, औषधांसाठी घरातच थांबलेले वृद्ध, गुराढोरांना सोडून न निघालेला शेतकरी, यांचे म्हणणे योजनेच्या पुढील आवृत्तीत उतरले, तरच नोंद सार्थकी लागेल. ‘फ्लडलाइन्स’ने हे ऐकण्याचे काम १५ वर्षांनी केले. आपल्याकडे ते पुढील पावसाळ्यापूर्वी झाल्यास अनेकांचे प्राण वाचू शकतील.