क्षमेची घाई करू नकोस

अहिल्यानगर

प्रिय छकुली,



तुझ्या पत्रातल्या शेवटच्या प्रश्नाचं उत्तर आधी देते, बाकीचं सावकाश. "मनातून क्षमा होत नाही आत्या, मग मी ख्रिस्ती उरले का?" असं तू विचारलंस. उरलीस. हे तुझं मन राखायला लिहीत नाही. इतकी वर्षं संडे स्कूलमध्ये शास्त्र शिकवून माझं जे मत झालं आहे, तेच लिहिते.

झालं ते साधं नव्हतं. मुलगा तुला पसंत, तू त्याला. मंडळी एक, उपासना एक, प्रभुभोजनाचा प्याला एक. आणि बैठकीत त्याच्या घरच्यांनी विचारलं, "तुम्ही मूळचे कोण?" दादानं खरं ते सांगितलं. आठवड्याच्या आत नकार आला. मग पाळकसाहेबांनी तुला बोलावून सांगितलं की क्षमा करून टाक, विसरून जा, प्रभू याहून चांगलं देईल. नकारापेक्षा हे बोलणंच तुला जास्त लागलं, असं तू लिहितेस. लागणारच गं. नकार एका घरानं दिला होता. हे बोलणं देवाच्या नावानं आलं.

आधी एक समजून घे. त्या बैठकीत जे दुखावलं गेलं ते एकट्या तुझं नाही. तू अमुक कॉलेजात शिकतेस, तमुक नोकरी करणार आहेस, यातलं काहीही त्या प्रश्नाला नको होतं. त्याला हवा होता तुझ्या पणजोबांच्याही मागचा माणूस: गावकुसाबाहेर राहणारा, मेलेलं ढोर ओढणारा, बलुत्याच्या भाकरीसाठी दारोदार हाक देणारा. १८७६ ते १८७८ च्या मोठ्या दुष्काळात नगर भागात माणसं किड्यामुंगीसारखी मेली, आणि त्यानंतरच्या काळात महार-मांग वस्त्यांतली कुटुंबंच्या कुटुंबं मिशनकडे आली. आपले लोक त्यांतलेच. "भाकरीसाठी बाटले" असं त्यांना तेव्हा म्हटलं गेलं, आजही म्हटलं जातं. मला त्याची तिळमात्र लाज वाटत नाही. ज्या प्रभूनं शिष्यांना प्रार्थना शिकवताना रोजची भाकरी मागायला सांगितलं, त्याच्याकडे भुकेला माणूस भाकरीसाठी गेला तर त्यात कमीपणा कसला? आणि भाकर तर गावातही मिळत होती कधीकधी, वरून टाकलेली. इथे ती हातात मिळाली, आणि तिच्याबरोबर पाटी-पेन्सिल मिळाली.

पण या गोष्टी आपल्या मंडळीत कोण सांगतं? आपण नारायण वामन टिळकांचं नाव घेतो, पंडिता रमाबाईंचं घेतो. दोघांबद्दल मला अपार आदर आहे. लक्ष्मीबाई टिळकांनी तर 'स्मृतिचित्रे'त आपलं सोवळं-ओवळं कसं सुटलं ते इतक्या मोकळेपणानं लिहिलं आहे, की जात सोडणं म्हणजे काय ते कळण्यासाठी प्रत्येक ख्रिस्ती घरात ते पुस्तक वाचलं जावं. तरीही बघ, आपल्या मंडळ्या ज्यांच्या बळावर उभ्या राहिल्या त्या शेकडो बायाबापड्यांपैकी एकीचंही नाव आपल्याला सांगता येत नाही. ब्राह्मण घरातून आलेल्यांचा पूर्वेतिहास आपण अभिमानानं सांगतो आणि आपला स्वतःचा झाकून ठेवतो. झाकलेलं बरं होत नाही. ते पुढच्या पिढीच्या वाट्याला जातं, आणि मग एखाद्या बैठकीत कुणीतरी "मूळचे कोण" म्हणून विचारतं तेव्हा आपली मान आपोआप खाली जाते.

अरविंद निर्मळ यांचं नाव तू ऐकलं नसशील. ते मराठी धर्मपंडित, बंगळुरूच्या आणि पुढे चेन्नईच्या ईश्वरविज्ञान महाविद्यालयांत शिकवत. १९८१ मध्ये त्यांनी एक व्याख्यान दिलं आणि भारतात दलित ईश्वरविज्ञान म्हणून जे ओळखलं जातं त्याची सुरुवात झाली. त्यांनी जुन्या करारातल्या 'अनुवाद' या पुस्तकातला २६ वा अध्याय पुढे ठेवला. तिथे इस्राएली माणूस हंगामाचं पहिलं पीक टोपलीत घेऊन देवासमोर येतो आणि स्तुतीच्या आधी आपली कुळकथा सांगतो: बाप भटका होता, मिसरात गुलाम झालो, छळ झाला, आम्ही ओरडलो, देवानं ऐकलं. निर्मळ म्हणाले, आम्हीही आमची अशीच सांगायला हवी, आणि आमचा बाप तर भटकासुद्धा नव्हता, त्याला भटकण्याचीही मोकळीक नव्हती. हे मला फार मोलाचं वाटतं. देवाच्या वेदीपुढे उभं राहून आपला छळ सांगणं ही तक्रार ठरत नाही, ती उपासनेचाच भाग आहे.

बाबासाहेबांनी ख्रिस्ती झालेल्या अस्पृश्यांबद्दल लिहिताना नेमकं इथेच बोट ठेवलं होतं. तुम्हाला आत्म्याच्या पापाबद्दल शिकवलं गेलं, पण समाजानं तुमच्यावर केलेल्या अन्यायाबद्दल बोलायला शिकवलं गेलं नाही, असा त्यांचा आक्षेप होता. आपल्या काही वडीलधाऱ्यांना हा आक्षेप झोंबतो. मला तो आपल्या बाजूच्या माणसाचा वाटतो.

कायद्यानंही आपली जखम नाहीच म्हटलं आहे. १९५० च्या राष्ट्रपतींच्या आदेशानं अनुसूचित जातीचा दर्जा फक्त हिंदूंपुरता ठेवला. १९५६ मध्ये शिखांना आणि १९९० मध्ये बौद्धांना त्यात घेतलं. ख्रिस्ती आणि मुसलमान बाहेरच राहिले. सुसाई नावाचा मद्रासच्या रस्त्यावर बसून चपला शिवणारा माणूस होता. सरकारनं त्याच्या धंद्यातल्या इतरांना फुकट टपऱ्या दिल्या, त्याला ख्रिस्ती म्हणून दिली नाही. तो सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला आणि १९८५ मध्ये हरला. धर्मांतरानंतरही तेच हाल तितक्याच तीव्रतेनं चालू राहतात हे सिद्ध झालं नाही, असं न्यायालयाचं म्हणणं होतं. २००७ मध्ये रंगनाथ मिश्र आयोगानं धर्माची ही अट काढा असं सुचवलं. त्या शिफारशीवर अंमल झाला नाही, आणि २०२२ मध्ये न्यायमूर्ती बालकृष्णन यांच्या अध्यक्षतेखाली नवा आयोग नेमला गेला. कायद्याच्या लेखी बाप्तिस्म्यानं तुझी जात गेली. तुझ्या बैठकीत ती पहिल्या चहाबरोबर परत आली.

आता शास्त्राकडे येते. दुसऱ्या शमुवेलाचा २१ वा अध्याय काढ. रविवारी तो सहसा कुणी वाचत नाही. दाविदाच्या राज्यात तीन वर्षं दुष्काळ पडतो. का, म्हणून विचारल्यावर देव सांगतो की शौलानं गिबोनी लोकांची कत्तल केली होती, म्हणून. शौल तोवर मेलेला आहे. अन्याय मागच्या राजाचा, आणि भोग मात्र जमिनीला, आजच्या लोकांना. "ते फार जुनं आहे, आता कशाला काढता" असं म्हणणाऱ्यांना मी हाच अध्याय दाखवते. मग दावीद काय करतो? शौलाच्या वंशातली सात माणसं गिबोन्यांच्या हाती देतो. ते त्यांना डोंगरावर टांगतात. एका अन्यायाची भरपाई दुसऱ्या अन्यायानं.

त्या सातांपैकी दोन रिस्पाची मुलं. ती शौलाची उपपत्नी, नवरा मेलेला, घराणं बुडालेलं, विचारणारं कुणी नाही. ती गोणपाट घेते, खडकावर पसरते आणि तिथेच बसते. सातूच्या हंगामाच्या आरंभापासून आभाळातून पाणी पडेपर्यंत. म्हणजे महिनोन् महिने. दिवसा पाखरांना आणि रात्री जनावरांना ती त्या प्रेतांजवळ येऊ देत नाही. अख्ख्या अध्यायात तिच्या तोंडी एक शब्द नाही. तिला कुणी म्हणालं असेल का, बाई, झालं ते झालं, घरी जा, राजाला क्षमा कर? म्हणालं असेलही. ती उठली नाही. शेवटी ही गोष्ट दाविदाच्या कानावर जाते, तो सगळ्यांच्या अस्थी गोळा करून त्यांच्या पितरांच्या कबरीत मानानं पुरतो. आणि मग, हे नीट वाच, मग देव देशासाठी केलेली प्रार्थना ऐकतो. सात जणांना टांगल्यावर त्यानं ऐकली असं तिथे लिहिलेलं नाही. मेलेल्यांना मान मिळाल्यावर ऐकली असं लिहिलं आहे.

तू सध्या त्या खडकावर बसली आहेस. कुणी ऊठ म्हणालं म्हणून उठू नकोस.

पाळकसाहेबांबद्दल. ते वाईट मनाचे नाहीत, हे मला ठाऊक आहे. पण त्यांनी सल्ला चुकीच्या माणसाला दिला. मत्तयाच्या ५ व्या अध्यायात प्रभू सांगतो की वेदीजवळ अर्पण आणल्यावर तुझ्या भावाच्या मनात तुझ्याविरुद्ध काही आहे हे आठवलं, तर अर्पण तिथेच ठेव आणि आधी जाऊन समेट कर. यात उठून जायला कोणाला सांगितलं आहे? ज्याच्याविरुद्ध गाऱ्हाणं आहे त्याला. दुखावलेल्याला नव्हे. हे वचन त्या मुलाच्या घरी जाऊन वाचायला हवं होतं. जकातदार जक्कयाचंही तसंच. त्यानं लुबाडलेल्याच्या चौपट परत देण्याचं सर्वांदेखत कबूल केलं, आणि त्यानंतर प्रभूनं सांगितलं की आज या घराला तारण मिळालं आहे. ज्यांना त्यानं लुबाडलं होतं त्यांना प्रभूनं गप्प बसायला सांगितलं नाही.

तू म्हणशील, वधस्तंभावर प्रभूनं मारणाऱ्यांसाठी क्षमा मागितलीच ना? मागितली. माझ्या विश्वासाचा पाया तोच आहे आणि त्यातून मी सुटका शोधत नाही. पण ती त्याची स्वतःची जखम होती, आणि त्यानं ती क्षमा स्वतःहून मागितली. खाली उभं राहून त्याला कुणी घाई केली नव्हती. आणि पुनरुत्थान झाल्यावरही हातावरचे व्रण त्यानं ठेवले, थोमाला दाखवले. क्षमा झाली म्हणून जे घडलं ते पुसलं गेलं नाही. योसेफाचंही आठव. त्याला विकणारे भाऊ धान्यासाठी समोर आले तेव्हा त्यानं लगेच गळाभेट घेतली नाही. बाजूला जाऊन रडला, त्यांची परीक्षा पाहिली, आणि बन्यामिनाच्या जागी मला ठेवा असं यहूदा म्हणाला तेव्हाच त्यानं आपली ओळख दिली. भाऊ बदलले आहेत का, हे त्याला बघायचं होतं. बघण्याचा तो हक्क तुलाही आहे.

तर क्षमा तू करशील. कधी, ते तुझं आणि प्रभूचं. ती केलीस तरी त्या घराशी पूर्वीसारखं हसूनबोलून राहायला तू बांधलेली नाहीस. फक्त एक मागणं आहे: त्या लोकांचा विचार करत तू झोपेची आणि अभ्यासाची रात्र घालवतेस, तेवढं त्यांना देऊ नकोस. राग असू दे. रागानं केलेली प्रार्थनाही प्रार्थनाच असते. ८८ वं स्तोत्र वाच, ते अंधारातच संपतं, शेवटी सांत्वनाची एक ओळसुद्धा नाही. तरी ते शास्त्रात आहे.

आणखी एक. दुःखातून मोठं सेवाकार्य उभं राहिलंच पाहिजे, असंही मनावर घेऊ नकोस. पंडिता रमाबाईंचे आईवडील आणि बहीण दुष्काळाच्या दिवसांत गेले. पुढे १८९६-९७ च्या दुष्काळात त्या मध्य प्रांतात जाऊन उपाशी मुलींना घेऊन आल्या आणि केडगावचं मुक्ती सदन त्यांच्यानं भरलं. ते थोरच. पण सगळ्या साक्षींमधून आपण तेवढंच ऐकतो, आणि मग ज्या पोरीच्या दुःखातून काहीच उभं राहत नाही तिला वाटतं आपल्या विश्वासात खोट आहे. नुसतं बरं होणं पुरेसं आहे.

आता कामाचं. महिनाभर झोप नाही, जेवण जात नाही, छातीत धडधडतं असं लिहिलंस. तिकडे पुण्यात मानसोपचाराचे चांगले डॉक्टर आहेत, त्यांच्याकडे जा. प्रार्थना कमी पडली म्हणून जायचं नाही. लूक स्वतः वैद्य होता. पैसे मी पाठवते, दादाला सांगू नकोस असं वाटत असेल तर सांगणार नाही.

दुसरं, नाताळच्या सुट्टीत इकडे ये. आपल्या जुन्या मंडळीचं बाप्तिस्म्याचं रजिस्टर पाहायला आपण दोघी जाऊ. आपल्या लोकांची नावं, गाव, साल जेवढं सापडेल तेवढं वहीत उतरवून घेऊ, आणि जातीचा उल्लेख असेल तर तोही जसाच्या तसा.

तिसरं, मंडळीच्या कमिटीला पत्र लिही. कुणाचं नाव घालू नकोस, पण लग्नाच्या बैठकीत जात विचारली जाते आणि मंडळी त्यावर गप्प राहते, एवढं स्पष्ट लिही. मसुदा मला पाठव. खाली तुझ्या सहीशेजारी माझी सही असेल, आणि आणखी कुणाकुणाच्या मिळतात ते मी बघते.

तुझी,
आत्या