जुन्या मोटारगाडीचे मागील ब्रेक-पॅड : निवड व बदल

मोटारगाडी आतां शेतकऱ्याच्या दारीं नवलाची राहिलेली नाहीं. उसाच्या बिलावर अगर द्राक्षांच्या हंगामावर घेतलेली जुनी गाडी पुष्कळ गांवांतून वाड्यापुढें उभी दिसते. जुनी गाडी घेण्यांत गैर कांहीं नाहीं. बैलहि आपण वेळप्रसंगीं जाणताच घेतों. मात्र त्याचे दांत, खूर व खांदा पाहिल्यावांचून दावें हातीं धरीत नाहीं. गाडीच्या बाबतींत हा चौकसपणा आपण विसरतों. इंजिनाचा आवाज ऐकतों, टायर पाहतों, रंग पाहतों. मागील चाकांच्या ब्रेकांकडे मात्र सहसा कोणाचें लक्ष जात नाहीं. पुढील ब्रेक बहुधा लवकर झिजतात व आवाज करून तक्रार करतात. मागील ब्रेक सावकाश व मुकाट्यानें झिजतात. आम्हीं महसूल खात्यांत पुष्कळ वर्षें दप्तर सांभाळलें आहे, तेव्हां आमच्या भाषेंत सांगावयाचें तर ही झीज न मागितलेल्या थकबाकीसारखी आहे. ती दरसाल वाढत जाते आणि एकदम वसूल होते ती घाटाच्या उतारावर. म्हणून हे पॅड कसे तपासावे, कसे निवडावे व कसे बदलावे, हें या लेखांत क्रमानें सांगण्याचें योजिलें आहे.

१. आपली गाडी कोणत्या जातीची?

मागील चाकांस ब्रेक दोन प्रकारचे असतात. पहिला ड्रमचा. यांत लोखंडी ड्रमच्या आंत दोन अर्धगोल शू असतात व ते बाहेर पसरून ड्रमला घासतात. अँबॅसडर, मारुति ८०० व बोलेरो या आपल्याकडील परिचयाच्या गाड्या याच जातीच्या. दुसरा प्रकार डिस्कचा. यांत चाकाबरोबर फिरणारी लोखंडी डिस्क असते आणि कॅलिपर नांवाचा चिमटा दोन पॅडांमध्यें ती दाबून धरतो. सन २०११ मध्यें बाजारांत आलेली व चाकण येथें तयार झालेली एक्सयूव्ही ५०० ही गाडी चारी चाकांस डिस्क असलेली आहे. औरंगाबादजवळ, म्हणजे आतांच्या छत्रपति संभाजीनगराजवळ, सन २००१ पासून जुळविल्या गेलेल्या ऑक्टेव्हिया गाड्यांपैकीं पुष्कळांसहि मागें डिस्कच आहे. चाकाच्या जाळींतून पाहिल्यास चकचकीत डिस्क दिसते. ड्रम असल्यास बंद डबा दिसतो. प्रस्तुत लेख मुख्यत्वें डिस्कवाल्या गाडीसाठीं आहे. ड्रमवाल्यांनीं तपासणी, जोडीनें बदल व धुळीविषयींची काळजी एवढें यांतून घ्यावें. शू बदलण्याची रीत वेगळी आहे.

२. मागील ब्रेकांचें काम

ब्रेक दाबतांच गाडीचा भार पुढें झुकतो. त्यामुळें थांबविण्याचें बहुतेक काम पुढील चाकें करतात व मागील चाकांच्या वांट्यास थोडें येतें. यावरून मागील ब्रेक गौण आहेत असें समजणें चुकीचें होय. एक तर, गाडींत खतांचीं पोतीं किंवा माणसें भरलीं म्हणजे मागील चाकांवरील भार वाढतो व त्यांचें कामहि वाढतें. दुसरें, बहुतेक गाड्यांचा हँडब्रेक मागील चाकांवरच चालतो. चढावर उभी केलेली गाडी मागें घरंगळूं न देणें हें त्याचेंच काम. तिसरें, एका बाजूचा मागील ब्रेक धरतो व दुसऱ्या बाजूचा धरीत नाहीं अशी स्थिति झाल्यास ओल्या रस्त्यावर गाडीचें शेपूट फिरतें. आंबोली किंवा कुंभार्ली घाटांत पावसाळ्यांत हें झालें तर काय होईल, तें सांगावयास नको.

३. झीज कशी ओळखावी

पॅड म्हणजे लोखंडी पाठ व तिच्यावर चिकटविलेला घर्षणाचा थर. नव्या पॅडाचा हा थर साधारणपणें ९ ते १२ मिलिमीटर असतो. तो २ ते ३ मिलिमीटर उरला म्हणजे पॅड बदलावा. माप थराचेंच घ्यावें. लोखंडी पाठ त्यांत धरूं नये. पुष्कळजण पाठीसह जाडी पाहतात व अजून बरेंच शिल्लक आहे असें मानून चालतात.

आंतील व बाहेरील असे दोन्ही पॅड पाहावे. बाहेरचा जाड व आंतला संपलेला असें पुष्कळदां आढळतें. असें दिसल्यास कॅलिपर ज्या पिनांवर सरकतो त्या चिखलानें व गंजानें अडकल्या आहेत असें बहुधा समजावें. तेथें नुसते पॅड बदलल्यास नवाहि तसाच एकतर्फी झिजेल.

आणखी दोन खुणा आहेत. हँडब्रेकचा दांडा पूर्वीपेक्षां फार वर ओढावा लागणें ही एक. ब्रेक ऑइलच्या डबीतील पातळी हळूहळू उतरणें ही दुसरी. पॅड झिजतात तसतसा पिस्टन पुढें सरकतो व त्याच्या मागची जागा तेल भरून काढतें. म्हणून पातळी उतरली कीं वरून तेल ओतून मोकळें होणें बरें नव्हे. गळती आहे कीं पॅड संपत आले आहेत, हें आधीं पाहावें. वरून ओतल्यानें झीज भरून येत नाहीं, ती फक्त झांकली जाते.

डिस्कहि पाहावी. तिची किमान जाडी बहुधा तिच्यावरच कोरलेली असते. त्याहून ती पातळ झाली असेल, तडकली असेल किंवा तिच्यावर खोल चर पडले असतील, तर नवे पॅड घालून उपयोग नाहीं. डिस्कहि जोडीनें बदलावी.

४. निवड

बाजारांत पॅड तीन जातींचे मिळतात. पहिले सेंद्रिय मिश्रणाचे. ते मऊ असतात, आवाज करीत नाहींत व डिस्क कमी खातात. परंतु फार तापल्यास त्यांची पकड ढिली पडते. दुसरे निमधातूचे. त्यांत लोखंड वगैरे धातूंचा चुरा असतो. ते उष्णता चांगली सोसतात, पण आवाज अधिक करतात व डिस्कहि अधिक खातात. तिसरे सिरॅमिक. त्यांचा आवाज व धूळ कमी, किंमत मात्र अधिक. सपाट मुलखांत तालुक्यापर्यंत जाणें-येणें असल्यास पहिली जात पुरते. घाटाचा नित्य प्रवास किंवा भरलेली गाडी असल्यास निमधातूचे बरे. तथापि सर्वांत महत्त्वाचा नियम असा कीं, गाडी बनविणारानें जी जात सांगितली असेल तिच्यापासून फार दूर जाऊं नये. मागें फार कडक पकडीचे व पुढें मऊ असे पॅड घातल्यास पुढील-मागील चाकांचा तोल बिघडतो आणि मागील चाकें आधीं अडकतात.

सात-बारा वाचल्यावांचून जमीन घेऊं नये, तसेंच पॅडावरील छाप वाचल्यावांचून पॅड घेऊं नये. कित्येक पॅडांच्या कडेवर संकेतांच्या शेवटीं दोन इंग्रजी अक्षरें असतात. पहिलें अक्षर साधारण उष्णतेंतील व दुसरें अधिक तापल्यावरचें घर्षण दाखवितें. ‘ई’ म्हणजे ०·२५ ते ०·३५, ‘एफ’ म्हणजे ०·३५ ते ०·४५, व ‘जी’ म्हणजे ०·४५ ते ०·५५ इतका घर्षणाचा अंक. दुसरें अक्षर पहिल्यापेक्षां हलकें असेल, तर तो पॅड तापल्यावर पकड सोडतो असें जाणावें. मात्र या अक्षरांवरून टिकाऊपणा कळत नाहीं. युरोपच्या पद्धतीच्या कांहीं पॅडांवर वर्तुळांत ‘ई’ अक्षर व अंक आणि त्याजवळ ‘९० आर’ असा छाप असतो. त्याचा अर्थ असा कीं, मूळ पॅडाशीं तुलना करून त्याची कसोटी घेतलेली आहे व त्याची पकड मूळच्या पकडीपेक्षां १५ टक्क्यांहून अधिक इकडेतिकडे नाहीं.

छाप नाहीं, वेष्टण नाहीं, दुकानदार पावती देत नाहीं, असा माल कितीहि स्वस्त असला तरी घेऊं नये. पॅड घेतांना गाडीचें सालच नव्हे तर तिचा चेसिस नंबरहि दाखवावा; कारण एकाच नांवाच्या गाडीस निरनिराळ्या सालीं निरनिराळे कॅलिपर बसविलेले असतात. शक्य असल्यास जुना पॅड हातांत घेऊनच दुकानांत जावें.

५. बदलण्याची कृति

पॅड नेहमीं दोन्ही बाजूंचे एकाच वेळीं व एकाच छापाचे बदलावे. एका बाजूस नवा व दुसऱ्या बाजूस जुना म्हणजे एका जोखडाला तरणा व म्हातारा असे दोन बैल जुंपण्यासारखें आहे.

गाडी सपाट व टणक जागीं उभी करावी. पुढील चाकांस मागून-पुढून उटी लावावी, गियर घालावा व हँडब्रेक सोडावा. चाकाचे नट गाडी जमिनीवर असतांनाच किंचित ढिले करावे. नंतर जॅकनें गाडी उचलून तिच्याखालीं मजबूत स्टँड द्यावा. नुसत्या जॅकच्या भरंवशावर गाडीखालीं हात घालूं नये. दगड-विटांचा ढीगहि लावूं नये.

ब्रेकवरील धूळ फुंकूं नये व हवेच्या पंपानें उडवूं नये. जुन्या मालांत अॅस्बेस्टॉस असण्याचा संभव असतो आणि त्याची धूळ फुप्फुसांस घातक आहे. ओल्या फडक्यानें ती टिपून घ्यावी व फडकें टाकून द्यावें.

एका वेळीं एकच बाजू उघडावी, म्हणजे अडचण पडल्यास दुसरी बाजू नमुन्यास राहते. कॅलिपरचे बोल्ट काढून तो बाजूस घ्यावा व तारेनें वर बांधून ठेवावा. रबरी नळीवर लोंबकळूं देऊं नये.

आतां या कामांतील मुख्य मर्म. नवा पॅड जाड असल्यानें बाहेर आलेला पिस्टन परत आंत घालावा लागतो. पुढील कॅलिपरांत तो दाबून आंत जातो. परंतु मागील कॅलिपरांतच हँडब्रेकची यंत्रणा असल्यास पिस्टनाच्या आंत स्क्रूची रचना असते. असा पिस्टन दाबतां दाबतां फिरवावा लागतो. बहुतेक गाड्यांत तो उजवीकडे फिरतो. कांहींत दोन्ही बाजूंच्या दिशा निराळ्या असतात, म्हणून गाडीचें पुस्तक पाहावें. यासाठीं स्वस्तांत हत्यार मिळतें. शिकंजा लावून किंवा पहारीनें नुसता दाबल्यास आंतील रचना मोडते व सारा कॅलिपर बदलण्याची पाळी येते. ज्या गाडीचा हँडब्रेक विजेच्या बटणावर चालतो, तिची यंत्रणा आधीं दुरुस्तीच्या स्थितींत न्यावी लागते. तें काम जाणकाराकडेच द्यावें.

पिस्टन आंत जातांना ब्रेक ऑइल डबींत वर चढतें, यास्तव आधीं थोडें काढून घ्यावें. तें रंगावर सांडल्यास लागलीच पाण्यानें धुवावें, नाहीं तर रंग जातो. पिस्टनाच्या तोंडावर खांचा असल्यास पॅडाच्या पाठीवरील खुंटी त्यांत बसेल अशा बेतानें तो थांबवावा. सरकत्या पिना साफ करून त्यांस ब्रेकसाठींच असलेलें ग्रीस लावावें. साध्या ग्रीसनें रबर फुगतें. पॅडाच्या घासणाऱ्या बाजूस व डिस्कला तेलाचा किंवा ग्रीसचा बोट लागूं देऊं नये.

सर्व जुळल्यावर चाक बसवून नट समोरासमोरचे आळीपाळीनें आवळावे व गाडी खालीं घेतल्यावर पुन्हां पुरते आवळावे. यानंतर गाडी तसूभरहि हलविण्यापूर्वीं ब्रेकचा पेडल कडक लागेपर्यंत वारंवार दाबावा. पहिल्या दाबांस तो रिकामा जातो. हें विसरून गाडी चालू केल्यास समोरची भिंतच तिला थांबवील. शेवटीं तेलाची पातळी व हँडब्रेक तपासावा.

६. नंतरची काळजी

नवे पॅड लागलीच पूर्ण धरीत नाहींत. मोकळ्या रस्त्यावर ताशीं ५० किलोमीटरच्या वेगावरून २० पर्यंत, मध्यम दाबानें, पूर्ण न थांबतां, दहा-पंधरा वेळां गति कमी करावी व दर दोन वेळांमध्यें ब्रेक थंड होऊं द्यावे. पहिले कांहीं दिवस घाट व भारी ओझें टाळावें.

ब्रेक ऑइल हवेंतील ओल शोषतें व त्यामुळें त्याचा उकळण्याचा अंश उतरतो. डॉट ४ जातीचें कोरें तेल किमान २३० अंशांवर उकळतें. ओल शोषल्यावर हीच मर्यादा १५५ अंशांपर्यंत खालीं येते. लांब उतारावर तें आंत उकळलें म्हणजे पेडल मऊ होऊन ब्रेक जातो. यास्तव दर दोन वर्षांनीं तेल बदलावें व उतारावर खालचा गियर ठेवावा.

आपल्या काळ्या रानाचा चिखल कॅलिपरांत बसून वाळला म्हणजे पिना अडकतात. पावसाळ्यांत शेतरस्त्यावरून आल्यावर चाकांच्या आंतून पाणी मारावें. गाडी बरेच दिवस उभी राहणार असल्यास हँडब्रेक ओढून ठेवूं नये. ओलीनें पॅड डिस्कला चिकटतात. सपाट जागीं गियर घालून चाकास उटी लावावी.

ज्यांस हें काम स्वतः करावयाचें नसेल त्यांनीं तें खुशाल मिस्त्रीस द्यावें, पण जवळ उभें राहून चार गोष्टी पाहाव्या : दोन्ही बाजू बदलल्या काय, पिस्टन फिरवून घातला काय, पिना साफ केल्या काय, आणि जुने पॅड आपल्या हातीं दिले काय. ते जुने पॅड घरीं आणून त्यांवर तारीख व गाडीचे किलोमीटर लिहून ठेवावे. पुढील तपासणी केव्हां करावयाची तें त्यांवरूनच कळेल. पिकाची आणेवारी आपण दरसाल पाहतों. ब्रेकांची पाहणी वर्षांतून दोनदां, पावसाळ्यापूर्वीं व सुगीनंतर, करण्याचा नेम वाचकांनीं ठेवावा, एवढीच विनंति.