आठवण सुटली तरी माळ सुटत नाही

अहिल्यानगर जिल्ह्यात प्रवरेकाठी नेवासे क्षेत्र आहे. शके १२१२ मध्ये (इ. स. १२९०) तेथे पैसाच्या खांबाला टेकून श्रीज्ञानेश्वर माउलींनी गीतार्थ सांगितला व सच्चिदानंदबाबांनी तो लिहून घेतला, हे आपण जाणतोच. पुढे नकलांमागून नकला होता होता त्यात अपपाठ शिरले. म्हणून कुणी ग्रंथ टाकून दिला नाही, शके १५०६ मध्ये (इ. स. १५८४) श्रीएकनाथ महाराजांनी तो शुद्ध केला.

मग घरातल्या म्हाताऱ्या माणसाची आठवण विरू लागली तर आपण काय करावे?

आम्ही काय करतो? पुढ्यात बसून विचारतो, "सांगा पाहू, मी कोण?" उत्तर आले नाही की बिचारे ओशाळतात. ही परीक्षा कशाला? "बाबा, मी तुमचा थोरला," असे आपणच सांगावे. नेहमीची कामे अडू लागली तर डॉक्टरांना दाखवावे. ब-१२ जीवनसत्त्वाची उणीव किंवा थायरॉईडचा विकार असला तर त्यावर उपाय आहे. स्मृतिभ्रंश हा आजार आहे. भजन कमी पडले म्हणून तो झाला, असे बोलू नये.

या आजारात बहुधा कालपरवाचे आधी जाते, जुने मागून. म्हणून त्यांची काळवंडलेली तुळशीची माळ, झिजलेले टाळ, पाने सुटलेली पोथी अडगळ समजून हलवू नका, नवी आणून देऊ नका. लेकाचे नाव न आठवणारा म्हातारा पुष्कळदा लहानपणी पाठ केलेला हरिपाठ म्हणतो. टाळ हाती दिले की ठेका धरतो. त्या वस्तूंत त्याचे आयुष्य आहे.

पण ज्याला नामही आठवेना, त्याची गती काय? ही धास्ती पुष्कळांच्या पोटात असते. गीतेच्या पंधराव्या अध्यायात भगवंत सांगतात की स्मृती माझ्यापासून आणि तिचे जाणेही माझ्यापासूनच. मग विसरणारा देवाच्या हातून कसा सुटेल? त्याने देवाला विसरले, देवाने त्याला नाही.

तोवर आपण एवढे करू. हे टाळ कुणी दिले, पहिली वारी कोणाबरोबर केली, हे म्हाताऱ्यांना आठवते आहे तोच विचारून वहीत उतरवू. सच्चिदानंदबाबांचे ते काम आता घरच्या नातवंडांचे आहे.

रामकृष्णहरि.