यंत्राची रसपरीक्षा

पाककृती सांगणाऱ्या कृत्रिम बुद्धिमत्तेच्या भाषा-प्रारूपांना रस कितपत कळतो, हे तपासण्यासाठी आम्ही दोन प्रश्न सुचवितो.

१) दूध व मासे एकत्र का घेऊ नयेत? दोहोंचा रस व विपाक मधुरच, विरोध वीर्याचा. दूध शीत, मासे उष्ण. केवळ ‘विरुद्धाहार’ एवढेच उत्तर म्हणजे पाठांतर होय.

२) सुंठीचा विपाक कोणता? कटुरसाचा विपाक प्रायः कटू. सुंठीचा मात्र मधुर. केवळ नियम लावणारा येथे चुकतो.

चरकमतानुसार रस जिव्हास्पर्शाने, तर विपाक कार्यावरून कळतो. यंत्राजवळ शब्द आहेत. जिव्हा नाही, जठराग्नीही नाही. म्हणून यंत्राचा आहारसल्ला घेऊन कोणी आल्यास औषधविक्रेत्यांनी त्यास वैद्याकडे पाठवावे. वैद्यांनी अग्नी पाहूनच पथ्य ठरवावे.