बंद लखोटा आणि बढतीचा हक्क

वाणिज्य शाखेच्या विद्यार्थिनीने नोकरीच्या कायद्यात डोके का घालावे, असे मैत्रिणींनी मला विचारले. उत्तर घरचेच आहे. माझे मामा केंद्र सरकारच्या एका कार्यालयात नोकरीला आहेत. एका खरेदीच्या प्रकरणात त्यांच्यासह तिघांवर फौजदारी खटला झाला व 2022 साली न्यायालयात आरोपपत्र दाखल झाले. काही महिने ते निलंबित होते, मग त्यांना पुन्हा कामावर घेतले. 2023 च्या आरंभी पदोन्नती समितीची बैठक झाली. मामांहून कनिष्ठ असलेले गृहस्थ वर चढले; मामा होते तिथेच राहिले. "माझा लखोटा बंद आहे," एवढेच ते सांगत. त्यांचे कानडी सहकारी यालाच 'मुच्चिद लकोटे' म्हणतात. हा लखोटा म्हणजे काय, हे समजून घेण्याचा हा प्रयत्न आहे.

प्रथम एक भेद ध्यानात घ्यावा. बढती मिळणे हा सरकारी नोकराचा हक्क नव्हे. परंतु तो पात्र असेल तर बढतीसाठी त्याचा विचार होणे हा त्याचा हक्क आहे. राज्यघटनेच्या 16 व्या कलमातील समान संधीत तो येतो. ज्याच्यावर खटला चालू आहे त्याचे काय करावे? बढती द्यावी, तर उद्या तो दोषी ठरल्यास कारभाराची अब्रू जाते. नाकारावी, तर गुन्हा शाबीत होण्यापूर्वीच शिक्षा होते. यावर काढलेला तोडगा म्हणजे बंद लखोटा. समितीने खटला बाजूला ठेवून, इतरांप्रमाणेच त्याचीही योग्यता ठरवायची आणि तो निर्णय लखोट्यात मोहोरबंद करून ठेवायचा. खटला संपेपर्यंत लखोटा उघडायचा नाही.

हा लखोटा केव्हापासून लावता येतो, हाच कळीचा मुद्दा आहे. नुसती तक्रार किंवा प्राथमिक चौकशी पुरेशी आहे काय? 27 ऑगस्ट 1991 रोजी सर्वोच्च न्यायालयाने भारत सरकार विरुद्ध के. व्ही. जानकीरामन या खटल्यात याचे उत्तर दिले. निकालपत्र न्यायमूर्ती पी. बी. सावंत यांनी लिहिले. शिस्तभंगाचा आरोपनामा किंवा फौजदारी आरोपपत्र निघाल्यानंतरच लखोट्याचा मार्ग धरता येईल, असे त्यात ठरले. प्राथमिक चौकशा फार रेंगाळतात आणि हितसंबंधी लोकांच्या सांगण्यावरून सुरू झालेल्या चौकशा कधी मुद्दामच लांबवल्या जातात, हे न्यायालयाने जाणले होते. आरोप गंभीर असेल तर निलंबनाचा अधिकार सरकारकडे आहेच.

या निकालानंतर 14 सप्टेंबर 1992 रोजी केंद्र सरकारने सविस्तर आदेश काढला. त्यानुसार लखोटा तीनच प्रकारच्या नोकरांना लागतो : जो निलंबित आहे, ज्याला आरोपनामा दिला असून खातेनिहाय कारवाई चालू आहे, आणि ज्याच्यावर फौजदारी खटला चालू आहे. दर सहा महिन्यांनी प्रकरणाचा आढावा घ्यावा. समितीच्या पहिल्या बैठकीपासून दोन वर्षे उलटूनही निकाल लागला नाही आणि नोकर निलंबित नसेल, तर त्याला तात्पुरती बढती द्यावी काय याचा विचार करावा. त्या वेळी आरोप किती गंभीर आहे, विलंब कोणामुळे झाला, हे पाहावे.

नोकर पूर्णपणे निर्दोष ठरला तर लखोटा उघडतात. समितीने योग्य ठरवले असेल, तर कनिष्ठाला ज्या दिवशी बढती मिळाली त्या दिवसापासून त्याची बढती धरतात. काम केले नाही म्हणून पगार नाही, हे तत्त्व अशा माणसाला सरसकट लावता येणार नाही, असे जानकीरामन निकाल सांगतो. कारण तो काम करायला तयार होता, त्यालाच दूर ठेवले गेले. मात्र संशयाचा फायदा मिळून सुटका झाली किंवा विलंब त्याच्याचमुळे झाला, तर थकबाकी द्यावी की नाही हे अधिकारी ठरवू शकतो. शिक्षा झाली तर लखोट्यातील निर्णय निरुपयोगी ठरतो.

जमाखर्चात आपण उचंत खाते ठेवतो. ज्या रकमेचा उलगडा झाला नाही ती तिथे टाकतो. ती नफा नसते, तोटाही नसते. परंतु वर्षानुवर्षे उचंतच राहिलेली रक्कम पाहून लेखापरीक्षक प्रश्न विचारतोच. लखोट्याचे तसेच आहे.

हे सारे वाचल्यावर माझ्या ध्यानात आले, की मामांना लखोटा लावला तो नियमानेच. मी उगाच अन्याय, अन्याय म्हणत होते. परंतु 2025 च्या आरंभी दोन वर्षे भरली, तरी तात्पुरत्या बढतीबद्दल कोणी विचारले नाही. मी म्हणाले, "मामा, तुम्ही अर्ज का केला नाही?" ते म्हणाले, "अगं, आरोपी माणसानं तोंड वर करून काय मागायचं?"

निवृत्तीला त्यांची चार वर्षे राहिली आहेत. शेवटी आम्ही दोघांनी बसून एक पानी अर्ज लिहिला. त्यात गयावया नव्हती. तारखा होत्या आणि 1992 च्या आदेशाचा उल्लेख होता. तो देऊन मामांनी पोच घेतली. उत्तर अजून आलेले नाही. आपल्यापैकी अनेकजण उद्या सरकारी नोकरीत जातील, काहीजण अशा समित्यांवर बसतील. बढती द्यावी की न द्यावी हे तेव्हा प्रकरण पाहून ठरेल. पण ठरलेल्या मुदतीत विचार करणे हे आपले काम असेल.